घरच्या रिळांमधला हंगेरी: वाचक विचारतात

मागच्या अंकात आपण हंगेरीच्या पेतेर फोर्गाचबद्दल छापलं होतं. १९५० साली बुडापेस्टात जन्मलेला हा डॉक्युमेंटरीवाला स्वतः कॅमेरा घेऊन फारसा फिरत नाही, लोकांनी घरी हौसेनं काढलेली जुनी रिळं गोळा करतो आणि त्यातून पिक्चर बनवतो, आणि हे काम प्रयोगशील आणि व्यक्तिगत आहे, एवढंच सांगितलं होतं. त्यावर भरपूर पत्रं आली, त्यातली निम्मी वैतागलेली. वैतागलेल्यांपासूनच सुरू करतो.

आमच्या फिल्म सोसायटीत 'बार्तोश फॅमिली' दाखवली. तासभर नुसती माणसं हसतायत, फिरायला जातायत, कॅमेऱ्याकडे बघून नखरे करतायत. मागून कोणी काही समजावून सांगत नाही. बाहेर पडल्यावर सगळे एकमेकांना विचारत होते की तुला काय कळलं. याला डॉक्युमेंटरी म्हणायचं?
(एक वाचक, नाशिक)

म्हणायचं. पण तुमचा वैताग समजू शकतो, कारण काहीच माहीत नसताना ही फिल्म दाखवली तर ती डोक्यावरून जाणारच, दाखवणाऱ्यांनी आधी दोन मिनिटं बोलायला हवं होतं. तर ते आता मी बोलतो.

झोल्तान बार्तोश हा बुडापेस्टातल्या खात्यापित्या ज्यू घरातला मुलगा, घरचा धंदा लाकडाचा, स्वतःला गाणी रचायचा नाद. १९२० च्या दशकाच्या शेवटी याच्याकडे साडेनऊ मिलिमीटरचा कॅमेरा आला. हा साडेनऊचा प्रकार फ्रान्सच्या पाथे कंपनीनं १९२२ मध्ये खास घरगुती वापरासाठी काढला होता, फिल्म पुढे सरकवायची भोकं कडेला नाहीत तर मधोमध. तेव्हापासून १९६० च्या दशकापर्यंत हा माणूस घरच्यांना शूट करत राहिला. आता मधली वर्षं मोजा. महायुद्ध, १९४४ मध्ये हंगेरीत घुसलेली जर्मन फौज, बुडापेस्टचा वेढा, मग कम्युनिस्ट, खाजगी धंद्यांचं राष्ट्रीयीकरण, १९५६ चा कम्युनिस्ट राजवटीविरुद्धचा उठाव. हे सगळं त्या घरावरून गेलंय आणि रिळात मात्र वाढदिवस, सहली आणि पाहुणे. कारण घरात कॅमेरा कधी निघतो? काहीतरी बरं चाललेलं असतं तेव्हाच. रणगाडा दारात आल्यावर कोणी रीळ भरत बसत नाही.

म्हणजे झालं काय, की या फिल्ममधला इतिहास दोन सीनच्या मधल्या फटीत आहे. एका सीनमध्ये घर भरलेलं, पुढच्या सीनमध्ये माणसं कमी, खोली वेगळी, कपडे साधे, आणि मधे काय झालं ते एखाद्या ओळीत सांगितलं तर सांगितलं. फोर्गाचनं ही फिल्म १९८८ मध्ये केली, 'प्रायव्हेट हंगेरी' या मालिकेतली पहिली. तेव्हा तिकडे अजून एकपक्षीय राज्य होतं आणि इतिहास म्हणजे काय ते सरकारी आवाजात ठणकावून सांगायची पद्धत होती. जुन्या बूर्झ्वा, म्हणजे खात्यापित्या घरांनी काय खाल्लं नि कुठं पोहायला गेले याची सरकारी संग्रहाला काडीची किंमत नव्हती. हा गडी १९८३ मध्येच खाजगी फोटो आणि फिल्मचा संग्रह काढून बसला होता. त्यामुळे मागून समजावणारा तो आवाज त्यानं काढून टाकला, हीच त्या काळात मोठी गोष्ट होती असं माझं मत आहे.

अजून एक. हिचकॉकची ती टेबलाखालच्या बॉम्बची गोष्ट माहीत असेल, प्रेक्षकाला बॉम्ब माहीत आहे आणि टेबलावर बसलेल्यांना नाही, मग ती माणसं क्रिकेटबद्दल बोलली काय नि हवेबद्दल बोलली काय, आपला जीव टांगणीला. इथं बॉम्ब म्हणजे तारीख. १९४३ चा उन्हाळा असं पडद्यावर आलं की आपल्या मनात पाल चुकचुकते, पडद्यावरच्या बाईच्या नाही, ती मजेत टोपी नीट करतेय.

तुमच्या लेखात 'प्रयोगशील आणि व्यक्तिगत काम' असं लिहिलं होतं. दुसऱ्यांच्या घरची रिळं जोडण्यात व्यक्तिगत काय आणि प्रयोग काय? आमच्या लग्नाच्या शूटिंगवाल्यानेपण तेच केलंय.
(पुणे)

हा हा. लग्नाच्या शूटिंगवाल्यावर आपण नंतर कधीतरी स्वतंत्र अंक काढू.

प्रयोग बघायचा तर 'फ्री फॉल' बघा, १९९६ ची. सेगेद नावाचं हंगेरीच्या दक्षिणेला तिसा नदीवरचं गाव, तिथला ग्यॉर्गी पेतो, श्रीमंत ज्यू घरातला. हा संगीतातला, नदीत पोहणारा, मित्रमैत्रिणींत रमणारा माणूस, यानं १९३७ मध्ये ८ मिलिमीटरचा कॅमेरा घेतला. पुढच्याच वर्षापासून हंगेरीत ज्यूंविरुद्धचे कायदे यायला लागले, लक्षात घ्या की जर्मन फौज यायच्या कितीतरी आधी, हंगेरीच्याच संसदेनं केलेले. १९३८ चा कायदा म्हणतो वकिली, डॉक्टरकी, पत्रकारिता अशा पेशांत ज्यू २० टक्क्यांच्या वर नकोत, १९३९ चा तेच ६ टक्क्यांवर आणतो, १९४१ चा ज्यू आणि बिगरज्यूंच्या लग्नावरच बंदी घालतो.

आता फोर्गाच काय करतो, पडद्यावर पेतोची माणसं नदीकाठी उन्हात पडलीयेत, कोणीतरी पाण्यात सूर मारतंय, आणि साउंडट्रॅकवर त्या कायद्याची कलमं चालू. तीही बातम्या वाचल्यासारखी नाही तर गायल्यासारखी, चर्चमध्ये प्रार्थना म्हणतात तशा सुरात. चित्र तसंच, काहीही बदललेलं नाही, पण कलम कानावर पडतं आणि तुम्ही त्या पोहणाऱ्यांना मोजायला लागता की यातला कोण ज्यू, कोण नाही, याला वकिली करता येईल का, हिला त्याच्याशी लग्न करता येईल का. म्हणजे कायद्याची नजर तुमच्याच डोळ्यात आली की! मला हा सीन बघताना अंगावर काटा आला होता आणि अजूनही येतो. नंतर ज्यू तरुणांना सैन्यात बंदुका न देता सक्तीच्या मजुरीवर पाठवायला लागले, पेतोलाही जावं लागलं, तर पठ्ठ्या तिथंही कॅमेरा घेऊन गेला. त्यामुळे खंदक खणणाऱ्या मजुरांचं शूटिंग एका मजुरानंच केलेलं आपल्याला बघायला मिळतं, असं फार कुठं बघायला मिळत नाही.

बाकी त्याची हत्यारं म्हणाल तर स्लो मोशन, एखादी फ्रेम थांबवून ठेवणं, तीच हालचाल पुन्हा पुन्हा दाखवणं, चित्राला रंगाचा हलका हात देणं. मूळ रीळ भराभर पळतं आणि माणसं बाहुल्यांसारखी तुरुतुरु चालतात, तो ते संथ करतो तेव्हा चेहऱ्यावरचं हसू मावळतानाची जी अर्धी सेकंद असते ती दिसते. आणि त्या अर्ध्या सेकंदात बऱ्याचदा वेगळाच माणूस असतो.

त्याची बैठक पण समजून घ्या. बुडापेस्टातल्या बेला बालाझ स्टुडिओत तो काम करायचा, ही सरकारी पैशावर चालणारी पण बऱ्यापैकी मोकळीक असलेली जागा, तरुण दिग्दर्शकांना प्रयोग करू देणारी. तिथलाच गाबोर बोदी, त्यानं पेतेर तिमारबरोबर १९७८ मध्ये घरगुती रिळं वापरून फिल्म केली होती, म्हणजे वाट थोडीफार पडलेली होती, फोर्गाच त्या वाटेनं आयुष्यभर चालला. १९९२ मध्ये त्यानं तत्त्वज्ञ विट्गेन्स्टाइनच्या 'ट्रॅक्टेटस' या पुस्तकावर सात छोटे तुकडे केले, तत्त्वज्ञानाची वाक्यं आणि खाली कोणाचीतरी घरची चित्रं. ते प्रकरण सगळ्यांना झेपेलच असं नाही, सुरुवात तिथून अजिबात करू नका.

व्यक्तिगत म्हणजे आत्मचरित्र असा अर्थ तुम्ही घेतलात, तसा तो नाही. फोर्गाच स्वतःला पडद्यावर आणत नाही. पण ज्या पिढीच्या आईबापांनी घरात जुन्या गोष्टी बोलायच्याच नाहीत असं ठरवलं होतं त्या पिढीतला तो आहे, आणि तो आयुष्यभर दुसऱ्यांच्या घरात शिरून तेच शोधतोय, एवढं मला पुरेसं व्यक्तिगत वाटतं.

किती फिल्म केल्या त्यानं? बक्षिसं वगैरे?
(एक विद्यार्थी)

तीसच्या वर सहज असतील. २००७ मध्ये नेदरलँड्सचा इरॅस्मस पुरस्कार, २००५ मध्ये स्पेनच्या यादवी युद्धावरच्या 'एल पेरो नेग्रो'ला न्यूयॉर्कच्या ट्रायबेका महोत्सवात बेस्ट डॉक्युमेंटरी, २००९ मध्ये व्हेनिस बिएनाले या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनात हंगेरीचं दालन त्याच्याकडे होतं. परीक्षेत एवढं पुरेल.

मला एक गोष्ट खटकते. ही माणसं मेली. त्यांनी हे घरच्यांसाठी शूट केलं होतं. आपण तिकीट काढून, नाहीतर घरी पॉपकॉर्न खात ते बघायचं, तेसुद्धा शेवट माहीत असताना. हे मला नीट वाटत नाही. तुम्हाला वाटतं का?
(एक वाचक, कोल्हापूर)

पत्रांतला सगळ्यात चांगला प्रश्न हा आहे आणि याचं गुळगुळीत उत्तर मी देणार नाही.

'मेलस्ट्रॉम' बघा, १९९७ ची, नेदरलँड्समधल्या पीरेबूम कुटुंबाची. मोठा मुलगा माक्स, त्याला शूटिंगची आवड. लग्न, समुद्रकिनारा, बाळाची पावलं, सगळं आहे. आणि शेवटाकडे १९४२ मधली एक रात्र आहे. त्यांना जर्मनीत कामाच्या छावणीत जायची नोटीस आलीये, निदान त्यांना तसं सांगितलंय, आणि घरात सामानाची बांधाबांध चाललीये. बायको आनी टेबलाशी बसून शिवतेय. कोणी कॉफी घेतंय. घाबरलेलं कोणी दिसत नाही, उद्या गावाला जायचंय तसं घर आहे, आणि मधूनच कोणीतरी कॅमेऱ्याकडे बघून कसंनुसं हसतं. फोर्गाच त्यावर सोबत काय काय न्यायला परवानगी आहे ती यादी देतो. बाकी काही म्हणत नाही. त्यांना ऑशविट्झच्या मृत्युछावणीत नेलं.

आता हा सीन माक्सनं का शूट केला असेल? माझा अंदाज, परत आल्यावर बघायला. म्हणजे प्रेक्षक त्याच्या मनात होता, तो प्रेक्षक म्हणजे तो स्वतः, परत आलेला. तो आलाच नाही, आणि त्याच्या खुर्चीत आपण बसलोय. हे तुम्हाला खटकतं ते बरोबरच आहे, खटकलंच पाहिजे, न खटकता कोणी हा सीन बघत असेल तर मला त्या माणसाची काळजी वाटेल.

पण याच फिल्ममध्ये दुसरी रिळं पण आहेत. आर्थर झाइस-इन्क्वार्ट, हिटलरनं १९४० मध्ये नेदरलँड्सवर नेमलेला मुख्य अधिकारी, पीरेबूमना छावणीत धाडणारी यंत्रणा ज्याच्या हाताखाली चालायची तो. याच्या घरीपण हौशी कॅमेरा होता. त्यातही तेच, बाग, घोडे, नातवंडं, बर्फावरचं स्केटिंग, पाहुणा म्हणून आलेला नाझी एसएसचा प्रमुख हिमलर. दोन्ही घरांची रिळं आलटून पालटून लावलीयेत आणि भयंकर गोष्ट ही की आवाज बंद केला तर कुठलं घर कोणाचं ते पटकन ओळखू येत नाही. नुसतं पीरेबूमचं रीळ दाखवलं असतं तर आपण हळहळून, डोळे पुसून घरी गेलो असतो. हे दुसरं रीळ शेजारी ठेवल्यामुळे तशी सुटका मिळत नाही. झाइस-इन्क्वार्टला १९४६ मध्ये न्यूरेम्बर्गला फाशी झाली.

परवानगीचं म्हणाल तर ही रिळं त्यानं उकिरड्यातून उचललेली नाहीत, बहुतेक ठिकाणी वारसांनी, मागे राहिलेल्यांनी स्वतः दिलीयेत आणि त्यांच्याशी बसून बोलून कोण कुठला ते लिहून घेतलंय. पीरेबूमांपैकी धाकटा भाऊ वाचला होता. तरीही मेलेल्यांची परवानगी ती नाहीच, हे तुमचं म्हणणं शिल्लक राहतं. आणि माझीही एक तक्रार आहे, त्याच्या काही फिल्ममध्ये संगीत इतकं सतत आणि इतकं काळवंडलेलं असतं की साधी सहलसुद्धा अंत्ययात्रा वाटायला लागते. त्या दिवशी ती माणसं खरोखर खुश होती, तेवढं तरी त्यांच्याकडे राहू द्यावं की नाही?

संगीताबद्दल वाचायला आवडेल. कोणाचं असतं?
(एक वाचक, डोंबिवली)

बहुतेक वेळा तिबोर सेम्झोचं. दोघांची गाठ १९७० च्या दशकाच्या शेवटी '१८० ग्रुप' नावाच्या मंडळीत पडली, मिनिमलिस्ट संगीत करणारे लोक, म्हणजे एकच छोटा आकृतिबंध घेऊन त्यालाच घोळवत राहायचं, बदल इतका हळू की पाच मिनिटांनी लक्षात येतं की अरे हे कुठल्याकुठं आलं. फोर्गाच त्यांच्याबरोबर निवेदक म्हणून उभा राहायचा. त्यामुळे त्याच्या एडिटिंगमध्येही तीच सवय दिसते, तेच दृश्य पुन्हा, परत पुन्हा, जरा संथ. ज्यांना आलापी ऐकायची सवय आहे त्यांना हे जड जाऊ नये. वरची तक्रार केली असली तरी सांगतो, 'फ्री फॉल'मधलं काम मला पहिल्या प्रतीचं वाटतं.

त्या जहाजाच्या फिल्ममध्ये ('डॅन्यूब एक्सोडस') ज्यू निर्वासित आणि जर्मन शेतकरी एकाच तराजूत तोललेत असं नाही का वाटत?
(एक वाचक, दादर)

ज्यांनी बघितली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. नांदोर आंद्राशोविच हा डॅन्यूब नदीवरच्या प्रवासी जहाजाचा हंगेरियन कप्तान, यालाही ८ मिलिमीटरचं वेड. १९३९ मध्ये याच्या जहाजानं शेकडो ज्यूंना ब्रातिस्लाव्हाहून नदीच्या उताराला काळ्या समुद्रापर्यंत नेलं, तिथून त्यांना पॅलेस्टाइन गाठायचं होतं. डेकवर प्रार्थना चाललीये, तरुण पोरंपोरी नाचतायत, कप्तान सगळं टिपतोय. १९४० मध्ये रशियानं रोमेनियाकडून बेसारेबिया हा प्रांत घेतला, तिथं पिढ्यान् पिढ्या शेती करणाऱ्या जर्मनांना हिटलरच्या राज्यात परत न्यायचं ठरलं, आणि हाच कप्तान, हेच जहाज, त्यांना घेऊन प्रवाहाच्या उलट निघालं. फोर्गाचनं १९९८ मध्ये दोन्ही प्रवास एका फिल्ममध्ये आणले.

तराजूचं म्हणाल तर मला तसं वाटत नाही. घर दोघांचं सुटलं, ते सारखं. पण एकांना जगात कुठलं बंदर घ्यायला तयार नव्हतं आणि दुसऱ्यांचं बँड लावून स्वागत, पुढं त्यातल्या बऱ्याच जणांना पोलंडमध्ये पोलिश शेतकऱ्यांना हुसकून रिकाम्या केलेल्या जमिनी दिल्या. फिल्म हे लपवत नाही, फक्त ओरडून सांगत नाही. कॅमेरा कप्तानाचा आहे आणि कप्तानाला दोघंही उतारूच. त्या कप्तानाचा तटस्थपणा आवडावा की राग यावा हे मला अजून ठरवता आलेलं नाही. २००२ मध्ये लॉस एंजेलिसच्या गेटी रिसर्च इन्स्टिट्यूटमध्ये याचंच मोठं इन्स्टॉलेशन झालं, पाच पडदे, आणि कुठली गोष्ट आधी बघायची ते बघणाऱ्यानं टच स्क्रीनवर निवडायचं.

मी एकही बघितली नाही. कुठून सुरू करू? फार जड नको.
(एक वाचक, बडोदा)

'मिस युनिव्हर्स १९२९' बघा. व्हिएन्नाची लिझल गोल्डआर्बायटर, त्या वर्षी अमेरिकेत गॅल्व्हेस्टनच्या सौंदर्यस्पर्धेत पहिली आली. तिचा सेगेदचा मावसचुलत नात्यातला भाऊ मार्सी लहानपणापासून तिच्यावर जीव टाकून होता आणि तिला शूट करत होता. ती दुसऱ्याशीच लग्न करते, एका पैसेवाल्याशी, तो जुगारात पैसा उडवणारा निघतो, मधे युद्ध, मार्सी रशियनांच्या कैदेत. आणि शेवटी म्हणाल तर लग्न होतं दोघांचं, बऱ्याच उशिरा. प्रेमात पडलेल्या माणसानं धरलेला कॅमेरा कसा असतो ते कळायला याहून चांगली फिल्म मला तरी माहीत नाही. मग 'फ्री फॉल', मग 'मेलस्ट्रॉम', तीही एका दिवसात एकच. 'बार्तोश' त्यानंतर बघा, तेव्हा आवडेल, नाशिककरांनाही सांगा.

तुमचा लेख वाचून माळ्यावरून आजोबांची रिळं काढली. १४-१५ डबे आहेत, काहींना आंबूस वास येतोय. घरी जुना प्रोजेक्टर आहे, लावून बघू का?
(एक वाचक, सातारा)

नका लावू! आंबूस वास म्हणजे फिल्मचा पाया सडायला लागलाय, त्यातून व्हिनेगरसारखं आम्ल बाहेर पडतं, अशी फिल्म आक्रसलेली असते, प्रोजेक्टरच्या दातात गेली की भोकं फाटतात आणि थांबली तर दिव्यानं जळते. वास येणारे डबे बाकीच्यांपासून वेगळे करा, कारण ती वाफ शेजारच्या रिळालाही धरते. माळ्यावर परत ठेवू नका, साताऱ्याच्या पावसात बुरशी लागायला वेळ लागत नाही, घरातल्या सगळ्यात थंड आणि कोरड्या कपाटात ठेवा. पाण्यानं, तेलानं, कोणी सांगितलं म्हणून स्पिरिटनं पुसू नका. एक एक फ्रेम स्कॅन करणाऱ्याकडे द्या, भिंतीवर प्रोजेक्शन करून मोबाइलनं शूट करून देणारेही आहेत, त्यांच्याकडे नको. डब्यावर काही लिहिलं असेल तर त्याचा आधी फोटो काढा. स्कॅन झाल्यावर मूळ रिळं टाकू नका.

आणि स्कॅनिंगला पैसे जमायला वेळ लागणार असेल तर तोवर एक काम फुकट होण्यासारखं आहे. तुम्ही पत्रात पंच्याऐंशी वर्षांच्या आत्यांचा उल्लेख केलाय. स्कॅन हातात आलं की पहिल्यांदा त्यांना दाखवा, पण तोपर्यंत थांबू नका, घरचे जुने फोटो समोर ठेवा, मोबाइलचं रेकॉर्डिंग लावा आणि कोण कोणाचा, घर कुठलं, साल कुठलं, सगळं आत्ताच त्यांच्याकडून नोंदवून घ्या. रीळ अजून दोन वर्षं टिकेल.